मोहाच्या झाडामागचा आवाज

आरमोरीहून दामूच्या मुलाचा फोन आला, "काका, बाबा गेले," आणि माझ्या तोंडून निघालं, "मला न सांगता?" पंच्याऐंशीच्या माणसाबद्दल असं विचारणारा मीच मूर्ख! पण दामू मला सोडून कधी शेजारच्या गावालाही गेला नव्हता...

पन्नासच्या दशकात आमच्या झाडीपट्टीत धान घरी आलं की गावोगावी नाटकं रंगत. दामू आमच्या मंडळाचा हिरो, मी प्रॉम्प्टर. विंगेत वही घेऊन बसायचं, नटाला पुढचं वाक्य पुरवायचं. दामूला लिहिता-वाचता येत नव्हतं, म्हणून पाठांतरही मीच करून घेई. मरणाच्या प्रवेशाला 'वन्स मोअर' आला की हा बहाद्दर उठून पुन्हा मरायचा. नागभीडला तर तीनदा मेला!

मग मुंबईचे सिनेमावाले आमच्या जंगलात आले. त्यांनी दामूला वाटाड्याचं काम दिलं. चार वाक्यं.

"गणपत, तू चाल."

"अरे, सिनेमात प्रॉम्प्टर कुठी असते?"

"नसू दे. तुह्याबिगर मले बोलता येत नाई."

झालं! मी मोहाच्या झाडामागे वही घेऊन बसलो. कॅमेरा सुरू झाला आणि मी सवयीनं खणखणीत आवाजात पहिलं वाक्य दिलं. "झाडामागं कोण बोलतंय?" दिग्दर्शक खेकसला. दुसऱ्यांदा ओठ दाबून बसलो, पण दामू क्षणभर थांबला आणि माझी जीभ सुटलीच. "याला हाकला, नाहीतर काम दुसऱ्याला देतो!" मी वही काखेत मारून निघालो, तर दामूनं हात जोडले. "साहेब, तो गप बसते. पण मले दिसला पाह्यजे." शेवटी मला कॅमेऱ्याशेजारी, तोंडात रुमाल कोंबून बसवलं. दामूनं चारही वाक्यं एका दमात म्हटली. चांद्याच्या टॉकीजमध्ये तो पडद्यावर आला तेव्हा मी इतक्या शिट्ट्या मारल्या की मॅनेजर धावत आला.

पुढं मुंबईहून बोलावणं आलं, एकट्यानं या म्हणून. दामू गेला नाही. "पाठ कोण करून देईन?" म्हणाला. माझ्यामुळं त्याचं नशीब अडलं, हे इतकी वर्षं मनाला लागून राहिलं होतं. तेरवीला दामूच्या बायकोजवळ, सखूवहिनींजवळ, ते बोलून टाकलं. त्या डोळे पुसता पुसता हसल्या.

"भाऊजी, त्याईले एकदा ऐकलं का सारं नाटक तोंडपाठ होये. घरी मले साऱ्याईची कामं करून दाखवत."

"मंग मले काऊन नेलं?"

"'गणपत नसला तं मजा नाई येत,' म्हणत. मुंबईले बी त्याच्यापायीच नाई गेले."

लबाड! परवा पुन्हा आरमोरीला गेलो, ओसरीवर त्याच्या खुर्चीसमोर बसलो आणि त्याला मनसोक्त शिव्या घातल्या. मग ढसाढसा रडलो. तेवढ्यात वहिनी चहा घेऊन आल्या. सवयीनं दोन कप आणले होते. त्या खुर्चीकडं बघत उभ्या राहिल्या... मी दोन्ही कप घेतले आणि दोन्ही प्यालो.