वरच्या पट्टीतली मुलगी

"अजून जॅपनीज हवं," मॅडम म्हणाल्या. "हसताना तोंडावर हात ठेव. आणि आवाज वर घे. अजून वर."

मी पांढऱ्या पडद्यासमोर उभी होते. अंगावर शाळकरी मुलीचा गणवेश, निळी खलाशी कॉलर, डोक्यावर दोन बाजूंना दोन पोनी. वय सव्वीस. हातात फेसक्रीमची गुलाबी डबी. स्कर्टखाली जाड काळे मोजे, कारण इथे कतारमध्ये, दोह्यात, जाहिरातीत पाय दाखवून चालत नाही. इथल्या लोकांचा तेवढा मान त्यांनी ठेवला होता. माझा कुणी ठेवला नाही.

मी मॉडेल नाही. मॅडमच्या जाहिरात कंपनीत मी जाहिरातींच्या ओळी लिहायची. पण क्लायंटला जपानी मुलगी हवी होती आणि बाहेरून आणायची तर खर्च. मग मॅडमना माझी आठवण झाली. "अगं, तू आहेसच की! तुझी आई जपानी ना? घरचंच कार्य समज."

मॅडम मराठी. मुलाखतीच्या दिवशी माझं आडनाव वाचून त्यांनी मला जवळ घेतलं होतं. आपली पोरगी म्हणाल्या होत्या. मला किती बरं वाटलं होतं.

मेकअप करणारी बाई माझ्या तोंडावर पांढरा थर चढवत होती. मध्येच थांबली. "मॅडम, ये तो थोड़ी इंडियन लग रही है."

"गोरी कर अजून," मॅडम म्हणाल्या. सगळे हसले. मीही हसले. हात तोंडावर ठेवून.

हे हसणं मला शिकवलेलं आहे. मम्मी ओसाकाची. लग्नाआधी तिथल्या मोठ्या दुकानात कामाला होती. रोज सकाळी मुलींना रांगेत उभं करायचे, दातांत आडवी चॉपस्टिक धरायला लावायचे. ओठांची टोकं चॉपस्टिकच्या वर गेली पाहिजेत. मग गिऱ्हाइकाचं स्वागत, गळ्यातून नाही, कपाळातून आल्यासारख्या आवाजात. पुढे ती एका कंपनीच्या रिसेप्शनवर इथे दोह्यात आली, वसईचे माझे पप्पा तिला भेटले, आणि इथल्याच फरीज बिन ओमरान वस्तीतल्या दोन खोल्यांत मी वाढले. शाळेच्या मुलाखतीआधी मम्मीनं माझ्याही दातांत चॉपस्टिक दिली होती. तिला वाटलं, पोरीला काहीतरी कामाचं देतेय.

मोबाइलवर जी जपानी मुलगी जगभर फिरते ना, मोठे डोळे, बारीक आवाज, कधी मोठी न होणारी, ती मी घरात कधी पाहिली नाही. माझी मम्मी रुंद खांद्यांची. वाद घालते. मासळी घेताना कल्ले उघडून बघते आणि शिळी असेल तर परत टाकते. पप्पांशी मराठीत बोलते आणि मराठीत तिचा आवाज खाली येतो. जड, घोगरा, थोडा खरखरीत. पप्पांकडून आणि वसईच्या बायकांकडून ती मराठी शिकली. त्यांच्यातल्या कुणी तिला गोड बोल म्हणून सांगितलं नाही. फोनवर जपानी माणूस असला की मात्र तोच गळा दोन मजले वर चढतो.

जपानला गेलं की मला हाफ म्हणतात. अर्धी. वसईला गेलं की चिनी. आणि त्या दिवशी स्टुडिओत मी पुरेशी जपानी नव्हते.

शूटिंग संपलं. साउंडवाला म्हणाला, आवाज पुरेसा वर जात नाहीये, मशीनवर पट्टी चढवून बघतो. त्यानं चढवला. स्पीकरमधून किणकिणत एक मुलगी बाहेर आली. "सो क्यूट!" कुणीतरी ओरडलं. सगळे पुन्हा हसले.

मी हसले नाही. तो आवाज माझ्या ओळखीचा होता. मी चौथीत असताना एका मुलीनं मला धक्का दिला, माझं कपाळ फुटलं, आणि प्रिन्सिपलच्या केबिनमध्ये मम्मीच कमरेत वाकून माफी मागत होती. याच आवाजात. प्रिन्सिपलबाई तिच्याकडे लहान मुलीकडे बघावं तशा बघत होत्या. मला तेव्हा मम्मीची लाज वाटली होती. त्या दिवशी स्टुडिओत पहिल्यांदा त्या बाईचा राग आला.

घरी गेले. मम्मी भेंडी चिरत होती. मी सगळं सांगितलं. उद्या आवाजाचं शेवटचं रेकॉर्डिंग आहे, तेही सांगितलं.

"कर गं," ती जपानीत म्हणाली. "सुरुवातीला गाल दुखतात. मग सवय होते."

"तुझे दुखायचे थांबले?"

तिनं सुरी खाली ठेवली.

"नाही," ती म्हणाली. खालच्या आवाजात. मराठीत. आणि पुन्हा भेंडी चिरायला लागली.

दुसऱ्या दिवशी मी माईकसमोर उभी राहिले आणि ओळ वाचली. माझ्या आवाजात. काचेपलीकडे मॅडमनी हात वर वर हलवला. मी पुन्हा वाचली. तशीच.

त्या आत आल्या. "अगं, काय चाललंय? हा जॅपनीज आवाज आहे का?"

"हो," मी म्हणाले. "जपानी बाईच्या पोरीचा आहे. आवाज याच्या वर जाणार नाही. आणि मशीननंही चढवायचा नाही. माझा चेहराही काढून टाका. मी संमतीच्या कागदावर सही केलेली नाही."

"तू ओव्हररिअ‍ॅक्ट करतेयस. आपल्या माणसाला संधी दिली, तर हे?"

"मॅडम, आपल्या माणसाला कुणी गोरी कर म्हणत नाही."

त्यांचा चेहरा उतरला. मग त्यांनी विषय संपवायचा इथला नेहमीचा अरबी शब्द वापरला. "खलास. दुसरी मिळेल."

मिळाली. आता मॉलच्या सरकत्या जिन्याशेजारच्या पडद्यावर ती दिवसभर किणकिणते. तिच्यावर माझा राग नाही. तिचे गाल दुखत असतील. माझी नोकरी गेली, दोन ठिकाणी मुलाखती झाल्या, दोन्हीकडे विचारलं, जपानी येतं का, जरा बोलून दाखव. मी बोलून दाखवते. माझ्या गळ्यातून. समोरच्याचा चेहरा पडतो.

मी दमलेय. रोज नाही म्हणणं हेही कामच आहे, आणि त्याला सुट्टी नसते. पण ज्याला माझी भाषा हवी, त्याला हा आवाज ऐकावा लागेल. नको असेल तर त्यानं बाहुली विकत आणावी. मी आता कुणासाठीही लहान होणार नाही.