जवाईबुवाचं लायसन

लोक मला विचारतात, तुमच्या काळी टरकाचं लायसन काढायला किती पैसे लागायचे? मी सांगतो, फार नाही. फीचे थोडे, डॉक्टरच्या दाखल्याचे थोडे, फोटोचे थोडे, आणि कारकुनाच्या पानसुपारीचे या सगळ्यांहून जास्त. एवढं ऐकून ते खूश होतात. स्वस्ताई होती म्हणतात. होती बाप्पा! पण माझ्या बहिणीच्या नवऱ्याचं लायसन माझ्या डोळ्यांसमोर निघालं. त्याला काय लागलं ते मला ठाऊक आहे. आज तेच सांगायला बसलोय. यात मी चांगला दिसणार नाही, हे आधीच सांगून टाकतो, म्हणजे मागाहून कोणी तोंड वाकडं करायला नको.

दुसरी मोठी लढाई सुरू व्हायच्या आगेमागेचे ते दिवस. कारंज्याच्या एका शेठची कापसातली सरकी काढायची जिनिंग होती, तिथं मी ड्रायव्हर होतो. मानोऱ्याकडच्या खेड्यांतून कापूस भरून आणायचा आणि जिनिंगवर उतरवायचा, हे माझं काम. आमचं गावही मानोऱ्याजवळच. त्या मुलखात ड्रायव्हर माणूस बोटांवर मोजण्याइतका. मी भोंगा वाजवला की पाटीलसुद्धा आपली बैलांची दमणी रस्त्याखाली उतरवायचा. माज होता मला. कायले खोटं बोलू?

बहिणीचं लग्न मी नोकरीला लागायच्या आधीच झालेलं. त्या लग्नात जवाई अंगठीसाठी रुसून बसला. तसं रुसणं आमच्याकडे नवं नाही, दोन घटका ताणायचं आणि उठायचं. पण याच्या काकानं याचे कान असे काही भरले होते की हा उठेचना. पंगत खोळंबली, पाहुणे कुजबुजायला लागले. शेवटी माझ्या बापानं डोक्यावरचं पागोटं काढलं आणि त्याच्या पायाशी ठेवलं. तेव्हा महाशय उठले. बाप पुन्हा पागोटं बांधत होता तेव्हा ते त्याच्या हातून दोनदा सुटलं, ते मी पाहिलं. तेव्हापासून त्या माणसाचं नाव काढलं की माझ्या अंगाचा तिळपापड व्हायचा.

आणि चार-पाच वर्षांनी तोच माणूस माझ्या दारात आला. भावांनी वाटणीत त्याला बरड जमिनीचा तुकडा टाकला होता, त्यात कुसळं उगवायची. बहीण लेकरू घेऊन आमच्याकडे राहत होती आणि गावातल्या बाया पाणवठ्यावर तिला विचारायच्या, “काहून वं, नवऱ्यानं टाकलं काय तुले?” ती घागर उचलायची आणि चालायला लागायची.

जवाई ओसरीवर बसला. खाली मान घालून म्हणाला, “भाऊ, मले टरक शिकवा. लायसन भेटलं का कारंज्याले खोली करतो अन् हिले घेऊन जातो. दुसरं काई मांगत नाही.”

माझी बहीण दाराआड उभी होती. तिचा श्वास मला ऐकू येत होता.

मी हो म्हटलं. लोकांना वाटलं, केवढं मोठं मन! मन कसलं? मला तो हातात सापडला होता.

आमच्या धंद्याची एक रीत होती. शिकणारा आधी क्लीनर व्हायचा, उस्तादाला उस्तादी, म्हणजे शिकवणीची दक्षिणा, द्यायचा, आणि उस्ताद म्हणेल तेव्हाच शिटेवर बसायचा. उस्ताद ‘तयार झाला’ म्हणाला तरच मालक टरक घेऊन परीक्षेला जाऊ द्यायचा. त्याला एक वर्ष लागो की पाच. मी माझ्या सख्ख्या बहिणीच्या नवऱ्याकडून उस्तादी मागितली. त्यानं बहिणीच्या चांदीच्या पाटल्या आणून दिल्या. बापानंच घडवलेल्या. मी त्या घेतल्या आणि खिशात टाकल्या. बहिणीच्या हातात काचेच्या बांगड्या तेवढ्या उरल्या, तरी ती मला म्हणाली, “भाऊ, लवकर शिकवजो बावा त्यायले.”

घरी तो जवाई. घरी मी त्याला ‘तुमी’ म्हणायचो, पाट द्यायचो, आधी त्याचं ताट वाढायला लावायचो. टरकावर तो क्लीनर. तिथं ‘अबे’. त्याच्या स्वतःच्या गावात कापूस भरायला गेलो की मी मुद्दाम जास्त ओरडायचो. “अबे, चाकाचा चिखल तुहा बाप काढन काय?” त्याच्या भावजया पदरात तोंड लपवून हसायच्या. तो चिखल काढायचा. चढावर टरक दमला की क्लीनरनं मागे पळायचं आणि चाकाखाली लाकडाचा ठोकळा सरकवायचा. मी दम खायचं निमित्त करून तीनदा थांबवायचो, जिथं एकदा पुरलं असतं. गिअर चुकला तर पान्ह्यानं बोटाच्या पेरावर मारायचो. असं मारलं की हात सुजत नाही पण ठणका जात नाही, हे मी माझ्या उस्तादाकडून शिकलो होतो.

एकदाही उलटून बोलला नाही. मला तेच खुपायचं. एकदा तरी शिवी दिली असती तर मी हिशोब फिटला म्हणालो असतो.

अन् हात काय होता त्याचा! अरे, मी त्या टरकाशी कुस्ती खेळायचो, हा नुसता बोलायचा त्याच्याशी. भरलेला टरक असा थांबवायचा की वरच्या हमालाची विडी हलायची नाही. वर्ष दीड वर्षातच तो माझ्यापेक्षा चांगला चालवायला लागला. मला कळलं, हमालांना कळलं, आणि शेवटी शेठला कळलं. मी त्याला तीन वर्षं ‘कच्चा हाय अजून’ म्हणत लोंबकळत ठेवला. मग एक दिवस शेठनंच मला बोलावलं.

“तुमच्या जवायाले घेऊन जा अकोल्याले. लायसन आणू द्या. नवा टरक येऊन राह्यला, त्यावर त्याले बसवतो.”

“अन् मी, शेठ?”

“तुमी जुन्यावर हायेच ना.”

नवा टरक माझा होता. किती वर्षं मी त्या खटाऱ्यावर हाडं मोडून घेतली होती, ती त्याच आशेवर. मी मूग गिळून बाहेर आलो. बाहेर तो उभा होता, त्याला आतलं सगळं ऐकू गेलं होतं. तो माझ्या पायाशी वाकला. माझ्या तोंडातून आशीर्वाद निघाला नाही.

अकोल्याला निघायच्या आधी बहिणीनं त्याला धुतलेलं धोतर दिलं, कपाळाला कुंकू लावलं. फोटोसाठी त्यानं आदल्या आठवड्यात जन्मात पहिल्यांदा कोट घातला होता, शेजाऱ्याचा. बहिणीनं कारंज्याला नेण्यासाठी दोन भांडी आणि एक गोधडी बांधून ठेवलेली मी पाहिली. लेकरू त्या गाठोड्यावर बसून “टरक, टरक” करत होतं.

आता इथं एक गोष्ट नीट समजून घ्या, नाहीतर पुढचं कळणार नाही. आमचा टरक हँडल मारून सुरू व्हायचा. एक माणूस समोर वाकून हँडल फिरवतो, दुसरा शिटेवर बसतो. शिटेवरच्याच्या हाताशी, टरक वळवायच्या चक्राखाली, एक छोटी कांडी असते. तिनं ठिणगी लवकर पडते की उशिरा, ते ठरतं. सुरू करताना कांडी वर पाहिजे. खाली राहिली तर इंजिन उलटं फिरतं आणि हँडल माणसाच्या हाताला लाथ मारतं. मनगटं मोडलेली मी पाहिली होती. म्हणून हँडल मारणाऱ्याचा हात हा शिटेवरच्याच्या भरवशावर असतो.

परीक्षा घेणारा साहेब मैदानावर उभा होता, हातात वेताची छडी. म्हणाला, उमेदवारानं स्वतः गाडी सुरू करायची, मग शिटेवर बसायचं. मी शिटेवर होतो. कांडी खाली होती. मी ती वर करायला हात नेला.

आणि नेलेला हात मांडीवर ठेवला.

विसरलो नाही. कोणी म्हणेल, गडबडीत राहिलं असेल. नाही! मला नवा टरक दिसत होता, आणि बापाचं सुटलेलं पागोटं दिसत होतं, आणि खरं सांगायचं तर नवा टरकच जास्त दिसत होता. जवायानं हँडल लावलं. त्यानं काचेतून एकदा माझ्याकडे पाहिलं. मी साहेबाकडे पाहत राहिलो. तो जरा थांबला, मग वाकून त्यानं जोर लावला.

कापसाची वाळलेली पऱ्हाटी मोडावी तसा आवाज झाला. तो ओरडला नाही. नुसता बसला, बोनेटच्या खाली, दिसेनासा झाला. साहेबानं विचारलं, काय झालं? तो खालूनच म्हणाला, “काई नाही साहेब, पाय घसरला.”

मी घाबरलो आणि कांडी वर केली. त्यानं उठून डाव्या हातानं हँडल मारलं. इंजिन सुरू झालं.

मी सरकलो, तो शिटेवर आला. त्याच्या कपाळावरचं कुंकू घामानं नाकावर ओघळलं होतं. डावा हात गिअरला लागतो, म्हणजे चक्र धरायला उजवाच. त्यानं उजवा कोपरापासून चक्रावर टाकला आणि अंगाच्या भारानं चक्र फिरवलं. पुढे नेला, वळवला, मागे घेतला, दोन दगडांच्या मधून काढला. मी शेजारी बसून पाहत होतो. मनात म्हणत होतो, चूक, एकदा तरी चूक. नाही चुकला.

मग साहेब ओरडला, “उजवीकडे वळायची खूण कर.” खूण म्हणजे उजवा हात खिडकीबाहेर आडवा धरायचा. त्यानं हात बाहेर काढला. पंजा मनगटापासून खाली लोंबत होता.

साहेब म्हणाला, “हात सरळ!”

त्यानं डाव्या हातातलं गिअर सोडलं, गुडघ्यानं चक्र धरलं, डावा हात अंगावरून नेऊन उजव्याचा पंजा धरला आणि सरळ केला. तेवढा वेळ त्याच्या घशातून बारीक आवाज येत होता, कुत्र्याचं पिल्लू झोपेत करतं तसा. मला तो आवाज आजही सांगता येतो.

पास झाला. साहेबानं पाठीवर छडी टेकवून शाबासकी दिली.

हाडवैद्यानं बांबूच्या कामट्या बांधल्या, पण हाड तिरपं जुळलं. मूठ वळेना. शेठनं हात पाहिला आणि हळहळला. म्हणाला, “गडी चांगला होता. पण असा हात घेऊन चाक कसं बदलवन? आडरानात टरक बंद पडला तं हँडल कोन मारन?” नवा टरक मला मिळाला. मी तो बारा वर्षं चालवला. गाठोडं सुटलं, भांडी पुन्हा आमच्या चुलीपाशी आली. बहीण दुसऱ्यांच्या वावरात कापूस वेचायला जायला लागली, तो डाव्या हातानं लोकांची गुरं राखायला लागला. गावात पोरं त्याला ‘डायव्हर’ म्हणून चिडवायची.

आणि तरी दरसाल तो अकोल्याला जाऊन लायसन नवं करून आणायचा! फी भरायची, दाखला आणायचा, कारकुनाला खूश करायचं, आणि परत येऊन ते लायसनचं पुस्तक फडक्यात गुंडाळून ठेवायचं. पैसे बहिणीच्या वेचणीचे. डॉक्टर हात पाहून दाखला द्यायला कुरकुर करायचा, त्याचे वेगळे. मला हा वेडेपणा बघवेना. खरं म्हणजे ते पुस्तकच बघवेना. एक दिवस बहीण वावरात गेली असताना मी त्याला म्हटलं, “जवाईबुवा, कायले पैशाची माती करता? कोनी देनार हाये काय तुमाले टरक?”

तो बैलाचं दावं वळत होता. वर न पाहता म्हणाला, “नाही देत.”

“मंग?”

“ती म्हनते, हात आज ना उद्या बरा होईन. मी लायसन सोडलं तं तिले वाटन, मीच आशा सोडली.” मग थोडा थांबून तो म्हणाला, “भाऊ, कांडी खाली होती.”

मी आधी दाराकडे पाहिलं, बहीण आली की काय.

“वाकायच्या आधीच काचेतून पाह्यली. तुमच्याकडं पाह्यलं. म्हटलं, करतीन वर. थांबलो बी जरासा.”

“बोलला काहून नाही?” मी कसाबसा म्हणालो.

“साहेबापुढं बोललो असतो तं तुमचं लायसन गेलं असतं. दोघायची चूल त्याच्यावर होती. तुमच्या बहिणीची बी.” त्यानं दाव्याला गाठ मारली, दातानं ओढून घट्ट केली. “तिले सांगतलं नाही मी. सांगनार बी नाही. मी तिले काई देऊ शकलो नाही. तिच्यापाशी एक माहेर हाये, ते कायले तोडू?”

पाया पडावं असं वाटलं. पागोटं काढून ठेवावं असंही वाटलं. पण उठलो नाही, आणि खरं सांगतो, लाजेपेक्षा मला आधी हायसं वाटलं, की हा सांगणार नाही.

तेवढ्यात बहीण वावरातून आली. बोंडांच्या काट्यांनी तिची बोटं फाटलेली होती. तिनं हात धुतले, भाकरी थापल्या आणि दोघांची ताटं वाढली. जवायाचं ताट आधी वाढायची रीत, पण तिनं माझं आधी वाढलं. “भाऊनं तीन वर्सं जीव लावून शिकवलं,” ती त्याला म्हणाली, “आपल्या नशिबात नव्हतं तं भाऊ काय करन?”

त्यानं मान हलवली, “व्हय,” म्हणाला आणि डाव्या हातानं घास उचलला.

मीही जेवलो. तिनं आग्रह केला म्हणून आणखी एक भाकरी घेतली.