बेसिनखालचं यंत्र

फिनेल काढायला बेसिनखाली हात घातला, तर टॉवेलात गुंडाळलेलं यंत्र हाती आलं. सोबतची पुस्तिका वाचली आणि मी बाथरूमच्या उंबऱ्यावरच बसले. लिंगाला ताठरता न येणाऱ्या पुरुषांसाठी ध्वनिलहरींचे ठोके देणारा शॉकवेव्ह उपचार, घरच्या घरी!

म्हणजे गेले चार महिने हे आत असताना बंद दाराआडून येणारी ती टकटक नळाची नव्हती. आणि मी वेडी, प्लंबरला बोलावू का म्हणून विचारत होते.

“अहो, हे दवाखान्यात करतात ना? डॉक्टर आधी शुगर बघतात, हृदय बघतात.” हे घरी आल्यावर पुस्तिका पुढे धरत मी विचारलं.

“तिथं सगळ्यांसमोर नाव पुकारतात गं,” हे खाली मान घालून म्हणाले. “कुणी ओळखीचं निघालं तर?”

लोकांचं एक वेळ सोडा, मी तर भिंतीपलीकडे भाजी चिरत होते! रात्री हे पाठ फिरवून झोपले की सकाळी आरशात बघून मी माझ्यातच काय उणं झालंय ते शोधायचे. आमच्या बिल्डिंगमध्ये अशा किती कड्या आतून लागलेल्या असतील, कुणास ठाऊक.

उद्याची अपॉइंटमेंट घेतलीय. यांचं नाव पुकारलं की आधी मी उठणार आहे.