अवसेची पाच मिनिटं

हे मी कुणालाच सांगितलेलं नाही. नवऱ्याला नाही, सख्ख्या बहिणीला नाही. जुनं उकरत बसणारी बाई मी नव्हे. पण तुम्ही ऐकताय, तर सांगते—

कोल्हापुरात एका लहान सूतिकागृहात मी नर्स होते. स्वातंत्र्याला चार-पाच वर्षं झाली असतील. तिथे आमचं एक भांडण चालायचं—वेळेवरून. हसू नका. राधाआक्का म्हणून वयस्क सुईण होत्या. मूल अवसेला, म्हणजे अमावास्येला, जन्मलं की त्या जन्मवेळ पुढेमागे लिहायला लावायच्या. "येळ काय दगडावरची रेघ हाय व्हय? पोरीला जलमभर ऱ्हायाचं हाय हितं. सरकव की काटा!" मी म्हणायची, वेळ कुणाच्या मालकीची नाही, तिला हात लावायचा नाही. कामाला असलेल्या आया त्यांच्या बाजूच्या, कंपाउंडर माझ्या. चहासुद्धा वेगवेगळा व्हायला लागला. शेवटी डॉक्टरीणबाईंनी नोंदवही माझ्या हातात दिली. आक्का एवढंच म्हणाल्या, "घ्या! घड्याळाला सासू मिळाली."

मला ते आवडलं होतं. हेही सांगून टाकते.

मग ती सकाळ. थंडीतली. पंचगंगेवरून आलेलं धुकं खिडकीशी रेंगाळत होतं, आत बंबाची वाफ—खोली कुठे संपते तेच कळेना. कसबा बावड्याची तानूबाई, पहिलटकरीण. डॉक्टरीणबाई पन्हाळ्याला गेलेल्या. बाहेर तानूबाईची सासू बसलेली. भटजींना विचारूनच आली होती—अवस सव्वादहाला सरते.

पोर रडली. मी घड्याळाकडे पाहिलं. सात वाजून वीस मिनिटं. लंबक उभा.

सोमवारी किल्ली द्यायची होती. मीच विसरले होते.

घाबरले का? नाही. फार शांत वाटलं. जगातली वेळच संपली होती जणू, आणि ती पोर कुठल्याच घटकेत न जन्मता—नुसती जन्मली होती. वाफेत पाणी ओतल्याचा आवाज तेवढा येत होता. आक्का पाठमोऱ्या बसून, पोरीला पायांवर घेऊन न्हाऊ घालत होत्या. वळल्याही नाहीत. "साडेधा लिव गं. अवस सरली आसंल."

सरली असेल. नसेलही. मी स्टुलावर चढले, किल्ली दिली, काटे फिरवले. बोटाखाली काटा किती हलका लागतो, तुम्हाला ठाऊक आहे? दहा वाजून दहा मिनिटांवर आणला आणि तेच लिहिलं. अंदाज होता तो, असं स्वतःला पुष्कळ वर्षं सांगितलं. अंदाज कसला? आक्का साडेदहा म्हणाल्या, म्हणून मी दहा-दहा केलं. साडेदहा लिहिलं असतं, तर त्या जिंकल्या असत्या ना?

संध्याकाळी डॉक्टरीणबाई परतल्या. भिंतीवरचं घड्याळ त्यांच्या मनगटी घड्याळाशी ताडून पाहिलं असतं, तर किती मिनिटांचा फरक ते कळून पोरीची खरी वेळ निघाली असती. मी ताडून पाहिलं नाही.

त्या पावसाळ्यात तानूबाईचा नवरा मुदतीच्या तापानं गेला. सासूनं ठरवलं—अवसेच्या पोरीनं बाप खाल्ला. पोरीला चंदगडला आजोळी टाकायचं, आईनं मात्र बावड्यातच राहायचं. तानूबाई माझ्याकडे आली. पायरीवरच उभी राहिली, पोर कडेवर झोपलेली.

"बाई, पाचच मिन्टं की वो. घड्याळ जरा फुडं-मागं आसंल न्हवं? तुमी म्हनला तर म्हातारी ऐकंल. पोर ऱ्हाईल माज्यापाशी."

मागे दारात आक्का दुपट्यांच्या घड्या घालत होत्या. त्यांचे हात थांबले.

मी म्हणाले, "घड्याळ खोटं बोलत नाही, तानूबाई."

तिनं पोरीचं टोपडं सारखं केलं आणि पायऱ्या उतरून गेली. पुढच्या आठवड्यात पोर चंदगडला गेली. आक्कांनी तो विषय कधीच काढला नाही. त्यांनी माझ्याशी भांडणंच सोडून दिलं.

मी तिथे असेपर्यंत दर सोमवारी त्या घड्याळाला किल्ली दिली. एकही सोमवार चुकवला नाही. नोंदवहीत दहा वाजून दहा मिनिटं, माझ्या सुबक अक्षरात.

ती पोर कधी जन्मली, ते मला माहीत नाही. लिहिलं तेव्हाही नव्हतं. तानूबाई पायरीवर उभी होती तेव्हाही नव्हतं.