भुतिणीला संबळ

सांगायला लाज वाटते, पण चहा उकळेपर्यंत सांगूनच टाकतो. भुताच्या सिनेमाला संगीत दिलं मी, आणि अख्ख्या हॉलात एकही माणूस घाबरला नाही!

झालं असं. आमच्या सुधाकरनं अणदूरच्या शेतात, मागून आणलेल्या कॅमेऱ्यावर सिनेमा काढला. त्याचा पहिला, संगीतकार म्हणून माझाही पहिला. लोक घाबरले तर पुढचाही मलाच देणार, असं ठरलेलं. मला काहीतरी प्रयोग करायचा होता. विहिरीत घमेलं आपटलं, पत्र्यावर साखळी ओढली. पण भुतीण विहिरीतून वर येते तिथं दम येईना. मग तुळजापूरच्या भीमाकाका गोंधळ्यांचा संबळ रेकॉर्ड केला. सिनेमासाठी पाहिजे, एवढंच सांगितलं. भुताचा सिनेमा, हे सांगायची छाती कुणाची?

पहिला खेळ मंगल कार्यालयात, भरदुपारी पडदे ओढून. केस सोडलेली, कपाळभर कुंकू फासलेली भुतीण वर आली आणि संबळ कडाडला. पुढच्या रांगेतल्या एक आजी ताडकन उभ्या राहिल्या. मी मनात म्हटलं, घाबरल्या! आजींनी डोक्यावर पदर घेतला, हात जोडले आणि म्हणाल्या, "आई राजा उदो उदो!"

झालं. मागनं सगळा हॉल उदो उदो करायला लागला. एका बाईच्या अंगात आलं. कुणीतरी पडद्यासमोर नारळ फोडला. सुधाकर डोक्याला हात लावून खालीच बसला.

भीमाकाका माझ्या शेजारीच. आता हे चपलेनं मारणार, असं मला वाटलं. ते शांतपणे म्हणाले, "लेकरा, संबळ वाजला की भूत पळतंय. तू त्येच्यावर भूत नाचवायलास व्हय?"

जन्म या भागात काढला, आणि हे मला शिकवावं लागलं! मी पाया पडून चूक कबूल केली. सिनेमा बुडणार म्हणून रडूही आलं. काका हसले आणि मला घरी घेऊन गेले. "भ्या दाखवायचं हाय नव्हं? मग वाजवू नगं, घास." त्यांनी एका जुन्या संबळाच्या ढिल्या कातड्यावर ओला अंगठा घासला. असं काही विव्हळलं ते, की माझ्या अंगावर काटा आला. तेच रेकॉर्ड केलं.

दुसऱ्या खेळाला हॉल चिडीचूप. आजींनी शेजारणीचा हात सोडला नाही म्हणे. खेळ संपल्यावर सुधाकरनं पुढचा सिनेमा जाहीर केला आणि संगीतकाराला स्टेजवर बोलावलं. टाळ्या थांबेनात, संगीतकार काही येईना.

मी बाहेर उन्हात उभा होतो. ते विव्हळणं सुरू झालं तेव्हाच सटकलो होतो. शेवटी सुधाकर शोधत दारापाशी आला, तेव्हा मी लांबूनच विचारलं, "गेली का ती?"