चौघींना मिळून एक शर्ट येतो

एप्रिलमधली एक दुपार... म्हैसूरच्या नजरबाद भागातलं आमचं शिलाईचं दुकान. शाळांच्या युनिफॉर्मचा सीझन डोक्यावर आलेला आणि आमचे टेलर मास्तर डोळ्याचं ऑपरेशन करून घरी बसलेले. दारावर 'टेलर पाहिजे' अशी पाटी लावून मी आणि अप्पा नुसते एकमेकांची तोंडं बघत होतो.

अप्पा म्हणजे माझे सासरे. पिढ्यान् पिढ्या या घराचा शिलाई हाच धंदा. मी लग्न होऊन सोलापूरहून आले, त्यामुळे मला बोलणं जास्त येतं आणि शिलाई कमी... म्हणून गिऱ्हाइकं माझ्याकडे आणि कात्री अप्पांकडे.

तेवढ्यात रेहाना आली. शहराबाहेर बेळगोळच्या बाजूला एका गारमेंट कारखान्यात कित्येक वर्षं शर्ट शिवायची. कारखाना बंद पडला, आणि आता हूटगळ्ळीत एका अपार्टमेंटचे जिने पुसते. अप्पा खूश! एवढी अनुभवी बाई, आणखी काय पाहिजे... त्यांनी बेतलेला एक शर्ट तिच्या पुढ्यात ठेवला.

तिने कॉलर केली. अहो, काय कॉलर! टोकं अशी की बघत राहावं. आणि मग हात मांडीवर ठेवून बसली.

"पुढे?" अप्पांनी विचारलं.

"पुढचं येत नाही, अप्पा. मी कॉलरवर होते."

मला आधी कळेचना. मग तिनेच समजावून सांगितलं... कारखान्यात अख्खा शर्ट कुणी एक बाई शिवत नाही. एकीने कॉलर करायची, दुसरीने कफ, तिसरीने खिसा, शर्ट आपला पुढे पुढे सरकत जातो. बाकीचं शिकायला कुणी देत नाही, कारण तेवढा वेळ लाइन थांबते. म्हणजे इतकी वर्षं राबून बाईच्या हाती काय, तर शर्टाचा एक तुकडा! असा संताप आला ना मला...

आधीच्या दुकानांतही असंच झालं होतं तिचं. एकाने तर नाव ऐकूनच 'जागा भरली' म्हणून सांगितलं, पाटी तशीच लटकत होती. हे सगळं ती बस चुकल्याचं सांगावं तसं सहज सांगत होती. अप्पांना वाईट वाटलं, पण त्यांनी मान हलवली. "पूर्ण शर्ट येणारं माणूस पाहिजे ना अम्मा, सुम्मने कसं ठेवून घेऊ?"

सुम्मने म्हणजे उगीच. ती उठून निघून गेली. मला त्या रात्री जेवण गोड लागलं नाही.

दुसऱ्या दिवशी दुकान उघडायला गेले तर दारात रेहाना, आणि सोबत आणखी तिघी! मेरी कफ आणि बाह्यांवाली, सविता खिसे आणि पट्ट्यांवाली, नसीम काज-बटणांवाली. सगळ्या त्याच कारखान्यातल्या. मेरी एका कॅन्टीनमध्ये भांडी घासत होती, बाकी दोघी घरी बसलेल्या.

"अप्पा, एकीला शर्ट येत नाही," रेहाना म्हणाली. "चौघींना मिळून येतो. आम्हाला एक टेलर समजा."

मी हसायलाच लागले होते... पण तिचा चेहरा बघून हसू आवरलं. अहो, स्वतःला एक जागा मिळत नव्हती, आणि ही बया चौघींसाठी मागत होती!

"नोडोण," बघू या, असं म्हणत अप्पांनी कापड दिलं. मागे पडून असलेली मशीनं तेल घालून चालू केली. शर्ट या मशीनवरून त्या मशीनवर जायला लागला... आणि मध्येच अडला. खांदा जोडायला कुणीच नाही! लाइनवर खांदे जोडणारी बाई केव्हाच गावी निघून गेली होती.

चौघी एकमेकींकडे बघतायत. रेहानाचा चेहरा एवढासा झाला. झालं, ही पण जागा गेली, मला वाटलं.

अप्पा सत्तरीच्या पुढचे. मशीनवर बसणं त्यांनी कधीच सोडलंय, फक्त कापड बेततात. त्यांनी धोतर सावरलं, एक स्टूल ओढलं आणि बसले. "आण इकडे. खांदा मी जोडतो."

झाली लाइन पुरी! थोड्या वेळाने रेहानाचा आवाज, "अप्पा, बेगा बेगा, लाइन थांबली!" आमच्या घरात अप्पांना 'लवकर करा' म्हणायची कुणाची छाती नाही. मी जीभ चावली... आणि अप्पा चक्क हसत सुटले. इतके मोकळे हसताना मी त्यांना बघितलंच नव्हतं.

सगळा सीझन त्या चौघींनी आणि अप्पांनी काढला. मजुरी नगावर, आणि लाइनवर नग झपाझप निघतात, म्हणून चौघींचं भागतं. अगदी थाटात नाही, पण जिने पुसण्यापेक्षा बरं. दुपारचा डबा झाला की एकमेकींचं काम शिकणं चालू असतं... रेहाना सध्या अप्पांकडून खांदे शिकतेय आणि शिव्याही खातेय.

या सोमवारी शाळा सुरू झाल्या. सकाळी पोरं दुकानावरून जायला लागली, तशी मशीनं एकदम बंद. मला वाटलं करंट गेला... बघते तर चौघी दारात उभ्या!

रेहानाने एका छोट्या मुलीला थांबवलं. हलकेच गोल फिरवलं, पुढून बघितलं, मागून बघितलं. इतकी वर्षं हिच्या हातचे शर्ट खोक्यांत भरून परदेशी गेले. आपलं काम कुणाच्या अंगावर ती पहिल्यांदाच बघत होती.

मुलगी लाजून पळाली. रेहाना माझ्याकडे वळून म्हणाली, "अच्छा दिखता है ना, अक्का?"

मला बोलता येईना, मला! नुसती मान डोलावली आणि आत पळाले...

रेहाना, 'नाही' ऐकून गेल्यावरही तू दुसऱ्या दिवशी आमच्या दारात आलीस. फार उपकार झाले गं तुझे.