भाऊ ओरडत नाही

“असा भाऊ असते काय व कुठं?”

नाटक ऐन रंगात असताना बायकांच्या बाजूने हा आवाज आला. भावाचं काम करणाऱ्या विलासने नुकताच स्टुलावर हात आपटला होता आणि “सही कर, नाहीतं ह्या घराचा दरवाजा तुले बंद” हे वाक्य बहिणीच्या अंगावर फेकलं होतं. पुढचं वाक्य त्याच्या तोंडातच राहिलं. आसेगावातला सभामंडप, दुपारची वेळ, समोर दाटीवाटीने बसलेलं गाव. बाजूला उभं राहून नाटक थांबवणं आणि पुन्हा सुरू करणं हे माझं काम. पण या वेळी नाटक मी थांबवलंच नव्हतं.

“कोण बोललं?” मी विचारलं.

एक म्हातारी बसल्या जागेवरून म्हणाली, “मी बोलली. भाऊ ओरडत नाही बाई. भाऊ गाडी घेऊन घ्यायले येते. साडी घेते, पुरनाचं जेवू घालते. मंग हसून म्हनते, चाल ताई, जरा मंगरूळले जाऊन येऊ.”

बायका हसल्या. पुरुषांच्या बाजूने मात्र कुणी हसलं नाही. हे मी पाहिलं. तीन महिने खपून बसवलेलं नाटक म्हातारीने चार वाक्यांत मोडीत काढलं होतं.

विषय सांगते. बाप गेला की शेतावर वारस म्हणून आई, भाऊ, बहीण अशी सगळ्यांची नावं लागतात. मग तालुक्याला, म्हणजे इकडे मंगरूळपीरला, रजिस्ट्री ऑफिसात जाऊन बहीण लिहून देते की माझा हिस्सा मी भावासाठी सोडला. याला हक्कसोड म्हणतात. कायद्याने कुणी कुणावर सक्ती करू शकत नाही. तरी आमच्या वाशिम जिल्ह्यात बहुतेक बहिणी हक्क सोडतात, आणि हसतमुखाने सोडतात.

मी नाटकवाली आहे. नाट्यशास्त्र शिकले, काही वर्षं स्पर्धांमधून कामं केली, आता एका संस्थेसाठी गावोगाव नाटकं बसवते. आमच्या प्रकाराला फोरम थिएटर म्हणतात. नाटक एकदा पूर्ण दाखवायचं, त्यात एका माणसावर अन्याय होतो. मग तेच नाटक पुन्हा सुरू करायचं. या वेळी प्रेक्षकांपैकी कुणीही “थांबा” म्हणून उठायचं, त्या अन्याय झालेल्या पात्राच्या जागी उभं राहायचं आणि आपण काय केलं असतं ते करून दाखवायचं. नियम एकच आणि कडक. जागा बदलायची ती सोसणाऱ्याची. छळणाऱ्याची बदलायची नाही, कारण दुष्ट माणूस आपोआप सुधारला तर ते नाटक राहत नाही, गोष्टीतली परी येते.

ही पद्धत ब्राझीलमधल्या एका दिग्दर्शकाने रूढ केली. त्याच्या आधी एका जर्मन नाटककाराने आग्रह धरला होता की प्रेक्षकाने नाटकात वाहून जाऊ नये, डोकं जागं ठेवून बघावं. त्याचा हा विचार म्हणे एका चिनी नटाचं काम पाहून पक्का झाला. आमच्या नाटकात आईचं काम करणाऱ्या प्रमिलाताई आशा वर्कर आहेत. त्यांना मी मोठ्या उत्साहाने हे सगळं समजावून सांगितलं होतं. त्या म्हणाल्या, “आमचे बाबा जलशात होते, गानी-सोंगं घेऊन गावोगाव फिरत. तेबी मधातच गानं थांबवून लोकाईले विचारत, आता तुमी काय करसान? लोकं उठून भांडत त्याईच्याशी. ब्राझील कुठं हाये मॅडम?” म्हणजे त्यांच्या बाबांच्या जलशात होती ती गोष्ट जगाला फेरी मारून पुण्याच्या कार्यशाळेत माझ्या हाती लागली. सर्टिफिकेटसकट.

आसेगावच्या म्हातारीनंतर मी आमच्या प्रोग्रॅम मॅनेजरना फोन केला.

“सर, नाटक बदलावं लागेल. भाऊ खोटा वाटतोय.”

“का? आधीच्या गावांत तर बायका धडाधड उठत होत्या. हिस्सा मागत होत्या. किती छान फोटो आलेत.”

“उठत होत्या, कारण तो भाऊ त्यांचा नव्हता. खलनायकाकडून हिस्सा मागायला काय लागतं?”

“पण मॅडम, खलनायक काढला तर संघर्ष कुठे राहील? मेथडमध्ये तर स्पष्ट आहे.”

मेथडमध्ये स्पष्ट होतं, हे खरंच. जिथे ही पद्धत जन्मली तिथे जुलूम करणारा समोर उभा दिसत होता, मालक म्हणा, हाती बंदूक घेतलेला म्हणा. त्याच्याकडे बोट दाखवता यायचं. आमच्याकडे तो गाडीचा दरवाजा उघडून बहिणीची पिशवी आत ठेवतो आणि विचारतो, ताई, उन्हाचा त्रास तं नाही न झाला? त्याच्याकडे कसं बोट दाखवणार?

मंगरूळपीरला आमची तालमीची एक खोली होती. तिथे आम्ही नाटक पुन्हा बसवलं. विलासला ओरडणं सोपं गेलं होतं, प्रेम करणं जमेना. तो मऊ बोलायला गेला की आवाजात कावा यायचा. “कावा नको,” मी सारखी सांगत होते, “त्याचं खरंच प्रेम आहे तिच्यावर. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत.” शेवटी तो वैतागला. “मॅडम, मी माह्या बहिनीची सही घेतली तवा जसा बोललो, तसा बोलू काय?” मी म्हणाले, “बोल.” त्या दिवशी नाटक बसलं. विलास तालीम संपल्यावर लगेच निघून गेला.

नवं नाटक आम्ही ज्या गावात केलं त्याचं नाव सांगत नाही. मंगरूळपीरहून तिकडे बस जाते एवढं पुरे. सोयाबीन घरात आलेलं, दिवाळी होऊन गेलेली, लेकी अजून माहेरी. गर्दी चांगली होती. एका बाजूला बायका, दुसऱ्या बाजूला पुरुष, आणि भिंतीला टेकून म्हाताऱ्या.

नाटक एकदा पूर्ण झालं. भाऊ ओरडला नाही. बहिणीने सही केली. आई शेजारी बसून होती, शेवटपर्यंत एक शब्द बोलली नाही. मी पुढे आले आणि नेहमीप्रमाणे सांगितलं, “आता पुन्हा सुरू करतोय. जिथे वाटेल तिथे ‘थांबा’ म्हणा आणि बहिणीच्या जागी या.”

पुन्हा सुरू केलं. गाडी आली, जेवण झालं, साडी झाली. कुणी थांबा म्हणेना. सहीची वेळ आली, तरी नाही. मी स्वतःच थांबवलं.

“कुणालाच काही वेगळं करावंसं वाटत नाही?”

मागून एक बाई म्हणाली, “बाई, तुमी घेतला काय तुमचा हिस्सा?”

“मला भाऊ नाही.”

“मंग तुमाले काय समजते!”

यावर मात्र दोन्ही बाजू पोटभर हसल्या. मीही हसले, दुसरं करण्यासारखं काही नव्हतं. आणि त्या हशातच एक बाई उठली. चाळिशीची, सावळी, गंभीर. तिला सुमन म्हणू या.

“मी येतो,” ती म्हणाली. “पन मले बहीन नाही व्हायचं. मले माय व्हायचं हाये.”

“ताई, नियम असा आहे की बहिणीचीच जागा घ्यायची.”

“बहिनीनं काय म्हनाव? तिचं तोंडच उघडत नाही तिथं. माय बसून राह्यली नं बाजूले? तिले काहून कोनी विचारत नाही?”

माझ्या नियमात आई कुठेच बसत नव्हती. ती छळणारी नव्हती आणि आमच्या हिशेबी सोसणारीही नव्हती. ती नुसती होती, भिंतीसारखी. प्रमिलाताईंनी माझ्या होकाराची वाट पाहिलीच नाही. त्या उठल्या आणि सुमनला आपल्या जागेवर बसवलं.

विलासने सुरुवात केली. “माय, तू सांग नं ताईले. तिले काय कमी करीन मी? दिवाळीले, आखाजीले, हे घर तिचंच हाये.”

सुमन अगदी हळू, विलासकडे न पाहता बोलू लागली.

“तुह्यासाठी मी हिच्या ताटातली भाकर काढत होती. अर्धी काढत होती, आन तुले घालत होती. पोट्टं हाये, त्याले लागते, असं म्हनत होती. ही पाहत होती माह्याकडं. एका शब्दानं बोलली नाही. तुले ठाव नाही, तू लहान होता. मले ठाव हाये.”

विलासला आपलं वाक्य आठवेना.

“आता वावर बी हिच्याच ताटातून काढून देऊ काय तुले? काढलं असतं रे. सवयच हाये माह्या हाताले. पन आता मले लाज वाटते.”

मग ती बहिणीचं काम करणाऱ्या मुलीकडे वळली. “तुले करायची तं कर सही. पन माह्या तोंडाकडं पाहून करू नको.”

टाळ्या नाहीत, काही नाही. पुरुषांच्या बाजूने एक माणूस उठला, स्वच्छ शर्ट, शांत चेहरा. सगळ्यांसमोर अगदी मायेने म्हणाला, “चाल ताई. घरी जाऊ.”

ओरडला नाही. नाटक कधी संपलं आणि हे काय सुरू झालं, ते शेजारच्या बाईने सांगितल्यावर कळलं. “तिचा भाऊ हाये. सही हाये तिची, सोमवारी. आन ते भितीले टेकून बसली, ते तिची माय.”

भिंतीला टेकलेली म्हातारी समोर कुठेतरी बघत होती. तिच्या चेहऱ्यावर मला काहीही वाचता आलं नाही.

लोक पांगू लागले. मी सुमनला गाठलं. भाऊ थोडा पुढे जाऊन थांबला होता.

“ताई, तुम्हाला घरी त्रास तर होणार नाही ना?”

“होईन नं,” ती म्हणाली. “तुमची बस कितीची हाये?”

ती टोमणा मारत नव्हती. तिने साधंच विचारलं होतं. पण ते मला लागायचं तिथे लागलं. नाटकवाले बसने निघून जातात. माहेर तुटायचं तर तिचं तुटणार होतं. त्या दिवशी मला भीती वाटली, आणि स्वतःच्या कामाचा रागही आला.

सरांचा फोन संध्याकाळीच आला. कुणीतरी त्यांना कळवलं होतं.

“मॅडम, जबरदस्त झालं म्हणे! व्हिडिओ आहे ना? वार्षिक रिपोर्टला तोच लावू.”

“व्हिडिओ देणार नाही, सर.”

“म्हणजे?”

“तिचा भाऊ त्यात आहे, आई आहे. ते नाटक नव्हतं.”

“आपल्या वर्षभराच्या कामाचा इम्पॅक्ट आहे तो!”

“तो इम्पॅक्ट तिच्या घरात बसलाय. तिथून मला आणता येणार नाही.”

मी क्लिप पुसून टाकली. त्या वर्षी माझं काम ‘समाधानकारक’ ठरलं, म्हणजे त्याच्या वर काही नाही. असो.

पुढची हकिकत प्रमिलाताईंकडून कळली. त्या गावची आशा त्यांच्या ओळखीची. सोमवारी भाऊ दोघींना गाडीत घालून रजिस्ट्री ऑफिसात घेऊन गेला. कागद दोघींचा होता, आई आणि बहीण, दोघींनी हक्क सोडल्याचा. सुमनने सही केली. आईपुढे शाई ठेवली तेव्हा म्हातारीने अंगठा मुठीत धरला. मुलगा समजावत राहिला, तिथेही त्याने आवाज चढवला नाही. म्हातारी एवढंच म्हणाली, “माहं माह्यापाशी राहू दे.” शेवटी वकिलाने कागद बदलला, एकट्या सुमनच्या नावाने, आणि तिने पुन्हा सही केली. आईचा हिस्सा आजही आईच्या नावावर आहे. ती तो कुणाला देणार, हे तिने कुणालाच सांगितलेलं नाही. त्यामुळे, प्रमिलाताई म्हणतात, म्हातारीला हल्ली गरम चहा वेळेवर मिळतो.

पुढच्या दिवाळीला भाऊ सुमनला घ्यायला गेला नाही. ती स्वतःच एसटीने आली.

तेव्हाच तिची माझी पुन्हा गाठ पडली, मंगरूळपीरच्या स्टँडवर. गाडीला वेळ होता. विचारू की नको करत मी विचारलंच, “ताई, त्या दिवशी एवढं बोललात, आणि सही मात्र केलीत?”

तिला माझ्या प्रश्नाचंच नवल वाटलं.

“ते मी माय म्हनून बोलली होती बाई. लेक म्हनून मले भाऊ पाह्यजेच होता.”

गाडी लागली, ती गेली. आता मी नव्या मुलांना ही पद्धत शिकवते तेव्हा ब्राझील सांगते, जर्मनी सांगते, जलसाही सांगते. फक्त प्रेक्षकाने कुणाची जागा घ्यायची, ते ठरवत नाही. ते ज्याचं त्याला माहीत असतं.